बूगी वूगी, अहिराणी आणि निवेदकाचे स्थान

दूरचित्रवाणीच्या निवेदकावर वाङ्मयेतिहासाच्या अंगाने लिहिण्याची आपल्याकडे प्रथा नाही. नटांची, गायकांची, कीर्तनकारांची चरित्रे लिहिली जातात. त्यांना रसिकांपुढे आणून उभे करणारा आणि दोन शब्द बोलून बाजूला होणारा माणूस मात्र तळटीपेतही सापडत नाही. त्याचे बोलणे लिहून ठेवावे असे कुणाला वाटत नाही. आम्हांलाही या विषयाकडे वळावेसे वाटले ते एका जुन्या अपराधाच्या आठवणीमुळे. तो अपराध कोणता, हे यथावकाश येईलच. प्रथम ज्यांच्या निमित्ताने हे लिहीत आहोत त्यांच्याविषयी.

जावेद जाफरी हे नाव आज बहुतेकांना विनोदी नट म्हणून ठाऊक आहे. परंतु १९९६ पासून पुढची कैक वर्षे जळगाव, धुळे, अमळनेर, शिरपूर या गावांतल्या मुलांच्या लेखी ते नट नव्हते. सोनी वाहिनीवरच्या ‘बूगी वूगी’ या नृत्यस्पर्धेत भाऊ नावेद जाफरी आणि मित्र रवी बहल यांच्यासह बसणारे, स्पर्धकाची फिरकी घेणारे, आणि लहर लागली की उठून स्वतः नाचून दाखवणारे ते गृहस्थ होते. आम्ही याच मुलांतले. जळगाव आणि धुळे या दोन शहरांत वाढलो, शिकलो, आणि पुढे इथेच शिकवू लागलो. खान्देशातून पाहताना जाफरींच्या या कारकिर्दीला जो अर्थ येतो, तो मुंबईतून पाहताना येत नसावा असा आमचा समज आहे. आमचे म्हणणे थोडक्यात असे : हिपहॉप ही मुळात निवेदकाच्या बोलण्यातून उगवलेली कला. आमच्याकडे ती आली तेव्हा तिचे पाय आले, जीभ आली नाही; आणि पुढे जीभ आली तेव्हा निवेदक उरला नव्हता.

यातले पहिले विधान अनेकांना चमत्कारिक वाटेल, म्हणून त्याचा खुलासा आधी केला पाहिजे. हिपहॉपचा जन्मदिवस म्हणून ११ ऑगस्ट १९७३ ही तारीख सांगितली जाते. त्या रात्री न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात, सेजविक अव्हेन्यूवरच्या १५२० क्रमांकाच्या इमारतीत, जमैकाहून आलेल्या एका कुटुंबातला तरुण तबकड्या वाजवीत होता. लोक त्याला कूल हर्क म्हणत. गाण्यात जिथे गायक थांबतो आणि नुसता ताल उरतो, तो तुकडा नाचणाऱ्यांना सर्वांत प्रिय असतो हे त्याने हेरले, आणि दोन तबकड्यांच्या साहाय्याने तोच तुकडा लांबवण्याची युक्ती काढली. त्या तुकड्यावर, म्हणजे ‘ब्रेक’वर नाचणारे ते ब्रेकडान्सर. हर्कच्या या मेळाव्यांत त्याच्या शेजारी ध्वनिक्षेपक घेऊन उभा असलेला कोक ला रॉक हा पहिला एम्सी मानला जातो. एम्सी म्हणजे समारंभाचा सूत्रधार. आलेल्यांची नावे पुकारायची, त्यांना चेतवायचे, तबकडी वाजवणाऱ्याची तारीफ करायची, एवढेच त्याचे काम. हे पुकारणे हळूहळू तालात आले, मग यमकात आले, मग लांबत गेले, आणि अखेर मुख्य कार्यक्रम तेच झाले. आज ज्याला रॅप म्हणतात ते मूळचे सूत्रसंचालन आहे. गायकाने निवेदन करावे असे इथे घडलेले नाही. निवेदकच गाऊ लागला.

तमाशा पाहिलेल्या माणसाला हे समजायला जड जाऊ नये. सारंगखेड्याच्या यात्रेत (हे गाव आता नंदुरबार जिल्ह्यात असले तरी १९९८ पर्यंत धुळे जिल्ह्यातच होते) फडाचा सरदार आणि सोंगाड्या यांची बतावणी ज्यांनी ऐकली आहे, त्यांना बोलणे कुठे संपते आणि कवन कुठे सुरू होते हे सांगता येणार नाही. तुलना याहून पुढे ताणण्यात अर्थ नाही. ब्रॉन्क्समधल्या निग्रो आणि पोर्तोरिकन मुलांचे दारिद्र्य आणि आमच्याकडच्या फडकऱ्यांचे दारिद्र्य यांचा इतिहास वेगळा आहे, आणि हिपहॉपला ‘अमेरिकन पोवाडा’ म्हणण्याची जी एक उथळ रीत मध्यंतरी पडली होती तिच्यात आम्हांला सामील व्हायचे नाही. (निग्रो हा शब्दही आता त्याज्य ठरला आहे, जुन्या मराठी पुस्तकांतून तो आमच्या हाताला चिकटला, इतकेच. यापुढे कृष्णवर्णीय म्हणू.)

दूरचित्रवाणीने या कलेला घरात घेतले ते १९८८ साली. त्या वर्षीच्या ऑगस्टमध्ये अमेरिकेतल्या एमटीव्ही या वाहिनीने ‘यो! एमटीव्ही रॅप्स’ हा कार्यक्रम सुरू केला आणि निवेदनासाठी फॅब फाइव्ह फ्रेडी या नावाने ओळखल्या जाणाऱ्या फ्रेड ब्रेथवेट यांना बोलावले. फ्रेडी निवेदनाच्या धंद्यातले नव्हते. ते चित्रकार होते. भुयारी रेल्वेच्या डब्यावर, अँडी वॉरहॉलच्या चित्रांना दाद देत, सूपचे डबे रंगवल्यामुळे त्यांचे नाव झाले होते, आणि हिपहॉपविषयीच्या ‘वाइल्ड स्टाइल’ या १९८३ च्या चित्रपटाच्या उभारणीत त्यांचा मोठा हात होता. ते ज्यांची ओळख करून देत ते त्यांचे सोबती होते. म्हणून स्टुडिओत बसून ओळख करून देण्याऐवजी ते कॅमेरा घेऊन त्या त्या गायकाच्या गल्लीत जात. हा कार्यक्रम १९९५ पर्यंत चालला; रोजच्या आवृत्तीचे निवेदन डॉक्टर ड्रे आणि एड लव्हर ही जोडी करी. कृष्णवर्णीय वस्त्यांतली एक बोली अमेरिकेच्या घराघरांत पोचली ती बऱ्याच अंशी या कार्यक्रमामुळे. त्या बोलीला कोणी पडद्यावर शुद्ध करून घेतले नाही, कारण निवेदकच ती बोली बोलत होता. ही गोष्ट ध्यानात ठेवावी, तिच्याकडे परत यायचे आहे.

आता आमच्याकडे.

आकाशवाणीची ‘युववाणी’ दिल्लीत १९६९ साली सुरू झाली. जळगाव केंद्र १९७६ चे. तरुणांचा कार्यक्रम म्हणजे परिसंवाद, मुलाखत, स्वरचित कविता आणि शेवटी एखादे भावगीत, ही चौकट आमच्या लहानपणी इतकी पक्की होती की तरुणांना नाचावेसेही वाटत असेल ही शक्यता तिच्यात बसत नव्हती. निवेदकाची भाषा निर्दोष असे. ती पुण्याची होती असे म्हणणे अन्यायाचे होईल, पण ती आमच्या घरची नक्कीच नव्हती. घरी ‘आठे-तठे’ करणारा माणूस ध्वनिक्षेपकापुढे बसला की ‘इथे-तिथे’ करू लागे, आणि हे त्याला कुणी शिकवावे लागत नसे. दूरदर्शनचे मुंबई केंद्र १९७२ मध्ये सुरू झाले तरी आमच्या भागात चित्र दिसू लागले ते १९८४ च्या सुमारास देशभर लघुशक्ती प्रक्षेपण केंद्रे उभी राहू लागल्यावर, आणि तेही प्रामुख्याने दिल्लीचे.

याच सुमारास, १९८५ साली, सुभाष घई यांचा ‘मेरी जंग’ आला. त्यात जावेद जाफरी नावाचा एकवीस वर्षांचा नवा खलनायक होता. खलनायक म्हणून तो कुणाला आठवत नाही. एका गाण्यातला त्याचा नाच आठवतो. ‘ब्रेकिन’ आणि ‘बीट स्ट्रीट’ हे अमेरिकन चित्रपट आदल्याच वर्षी आले होते, मायकल जॅक्सनच्या चित्रफिती हातोहात फिरत होत्या, आणि सांध्यांतून वीज गेल्यासारखे अंग तोडण्याची ती रीत हिंदी पडद्यावर प्रशिक्षित शरीराने करून दाखवणाऱ्या पहिल्या काही जणांत जाफरी होते. त्याआधी मिथुन चक्रवर्तींचा ‘डिस्को डान्सर’ (१९८२) होऊन गेला होता, पण डिस्को वेगळे आणि हे वेगळे. डिस्कोमध्ये शरीर झोकून द्यावे लागते. इथे ते मोडून पुन्हा जोडावे लागते.

जाफरींच्या घराण्याचा एक तपशील पुढे उपयोगी पडणार आहे. त्यांचे वडील जगदीप, म्हणजेच ‘शोले’मधले (१९७५) सूरमा भोपाली. त्या पात्राची सारी लोकप्रियता एका बोलीवर उभी आहे. भोपाळकडची ती ठेवण ऐकली की देशभर लोक हसत. आपल्या पडद्यावर आणि रंगमंचावर प्रादेशिक बोलीला सहसा एकच दरवाजा उघडा असतो, तो विनोदाचा. हे जगदीप यांच्याविषयी नाही. ते थोर विदूषक होते. हे दरवाज्याविषयी आहे.

उपग्रह वाहिन्या १९९१ मध्ये आल्या. केबलवाल्यांनी विजेच्या खांबांवरून आणि गच्च्यांवरून काळ्या तारा ओढल्या आणि दोन-तीन वर्षांत चित्र पालटले. रॅप हा शब्द आमच्या कानांवर प्रथम घातला तो बाबा सेहगल यांनी. लखनौचे हे गृहस्थ शिक्षणाने अभियंते. ‘ठंडा ठंडा पानी’ ही त्यांची ध्वनिफीत १९९२ ची, आणि दूरदर्शनच्या मेट्रो वाहिनीवर ‘सुपरहिट मुकाबला’ या चित्रगीतांच्या कार्यक्रमाचे ते निवेदक होते. म्हणजे रॅपर आणि निवेदक एकाच देहात, अगदी ब्रॉन्क्सच्या मूळ पद्धतीप्रमाणे. तरीही त्यातून काही उभे राहिले नाही. सेहगल यांना ताल होता, हजरजबाबीपणा होता, पण बोलण्यासारखे काही नव्हते. त्यांचा रॅप ही रॅपची चेष्टा होती आणि आम्ही तिला चेष्टा म्हणूनच पाठ केले. पुढे जे आले त्याला हा ग्रह अडसर ठरला. तालात बोलणे म्हणजे गंमत करणे, ही समजूत मराठी मध्यमवर्गात तेव्हा जी रुजली ती अजून पुरती गेलेली नाही.

याच दशकात जाफरी चॅनेल व्हीवर ‘टाइमपास’ करीत होते. नकला, विडंबने, चार-पाच भाषांत उड्या मारणारे बोलणे, आणि कशाचेही सोयरसुतक नसल्याचा आव. महाविद्यालयांतली इंग्रजी कळणारी चार मुले त्यावर लुब्ध होती. बाकीच्यांना ते फारसे कळत नव्हते. मात्र निवेदक म्हणून जाफरी घडले ते इथे. आणि मग १९९६ साली ‘बूगी वूगी’ आले. मुंबईत मायकल जॅक्सनचा कार्यक्रम झाला तेही हेच वर्ष, १ नोव्हेंबर. (‘बूगी वूगी’ हे शब्द मूळचे विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातल्या कृष्णवर्णीय पियानोवादकांच्या एका शैलीचे नाव आहे. कार्यक्रमाचे नाव ठेवताना हे किती जणांच्या मनात होते कोण जाणे, पण नाव चुकीचे पडले नाही.)

या कार्यक्रमाची रचना आज पुन्हा आठवून पाहावी अशी आहे. स्पर्धक यायचा, आपले नाव आणि गाव सांगायचा, नाचायचा. मग परीक्षक त्याच्याशी बोलायचे. परीक्षक आणि निवेदक यांत फारसे अंतर नव्हते. तिघेही एकाच घरातले असल्यासारखे वागत, एकमेकांची टर उडवीत, आणि स्पर्धकाची टर उडवलीच तर त्याच्याबरोबर नाचून ती फेडीत. लघुसंदेशाने मते मागण्याची पद्धत तेव्हा नव्हती. ती २००४ च्या ‘इंडियन आयडल’नंतर रूढ झाली. त्यामुळे आपल्या गावच्या मुलाला जिंकवण्यासाठी गावाने मोबाइल भरायचा आणि हरला की जिल्ह्याचा अपमान मानायचा, हा प्रकारही नव्हता. मुले यायची, माता यायच्या (मातांसाठी वेगळी स्पर्धा असे), पोक्त गृहस्थ यायचे. पुढच्या काळातले नृत्याचे कार्यक्रम पाहता जाणवते की निवेदक आणि परीक्षक यांची कामे तुटली. झी मराठीच्या ‘एकापेक्षा एक’मध्ये सचिन पिळगांवकर ‘महागुरू’ झाले, आणि त्या पदवीतच बदल दिसतो. जाफरी बंधू कुणाचे गुरू नव्हते. ते आळीतले थोरले भाऊ होते.

या भावांनी आमच्या गावांत काय केले ते आम्ही डोळ्यांनी पाहिले आहे. धुळ्यात पांझरेच्या कोरड्या पात्रात, वाळू मऊ म्हणून, मुले उलट्या कोलांट्या शिकत. तालमीच्या हौद्यातली मातीही या कामी येई; वस्ताद शिव्या घालीत, पण हाकलत नसत. शहाबादी फरशीवर पायमोजे घालून मागे सरकण्याचा सराव चाले. जळगावात एकाच्या घरी टेप होता, दुसऱ्याच्या घरी केबल, तिसऱ्याची गच्ची रिकामी. तिघांची मिळून नृत्यसंस्था. ज्या मुलांना वर्गात उभे राहून एक वाक्य नीट बोलता येत नव्हते, ती मुले गॅदरिंगमध्ये डोक्यावर उभी राहून गिरकी घेत आणि सारा मांडव उठून उभा राही. त्यांत सुताराची, हमालाची, सालदाराची मुले होती. गॅदरिंग हे तोवर बोलता येणाऱ्यांचे होते: वक्तृत्व, एकांकिका, भावगीत. पहिल्यांदाच न बोलणाऱ्यांना तिथे जागा मिळाली. हे जाफरींचे ऋण आहे आणि ते मोकळेपणाने मान्य केले पाहिजे. दक्षिणेतून आलेल्या प्रभुदेवांच्या गाण्यांचाही त्यात वाटा होता, पण गाणे नुसते नाचून दाखवते. ‘तूही ये’ असे म्हणायला निवेदक लागतो.

मात्र ‘तूही ये’ हे आमंत्रण पायांना होते. स्पर्धकाने नाव-गाव सांगितले की त्याचे बोलणे संपे, आणि पुढचे सगळे हिंदी चित्रपटगीतावर होई. हिपहॉपच्या चार अंगांपैकी तबकडी वाजवणे, भिंती रंगवणे आणि एम्सीचे बोलणे ही तिन्ही गळून एक नाच तेवढा आमच्याकडे आला. हा दोष कार्यक्रमाचा नव्हे. ती नाचाचीच स्पर्धा होती. पण इतिहास लिहिताना नोंद करायला हवी की ब्रॉन्क्समध्ये ज्या क्रमाने घडले त्याच्या उलट क्रमाने इथे घडले. तिथे शब्द पडद्यावर आला तेव्हा तो आपल्या बोलीसकट आला. इथे शरीर आले, आणि बोली घरीच राहिली.

आणि यातली गंमत, किंवा खंत, अशी की त्या बोलीचे सामर्थ्य स्वतः जाफरींना पुरेपूर ठाऊक होते. कैझाद गुस्ताद यांच्या ‘बॉम्बे बॉईज’ (१९९८) या इंग्रजी चित्रपटात ‘मुंभाई’ नावाचे एक रॅप आहे, ते जाफरींचे. मुंबईच्या नाक्यावरची जी हिंदी-मराठी-गुजराती मिसळ बोली, तिच्यात, तिच्याच शिवराळ लयीत, शहराविषयी तालात बोललेले ते कवन आहे. पुढे पंधरा-सोळा वर्षांनी मुंबईच्या गल्ल्यांतून जे रॅप उसळले त्याचा पूर्वज म्हणून त्याचे नाव घेतले जाते, आणि ते योग्यच आहे. वडिलांनी ज्या दरवाज्यातून बोली आत आणली त्याच विनोदाच्या दरवाज्यातून मुलगाही आला, पण आत आल्यावर त्याने हसू थोडे बाजूला सारून काहीतरी सांगितले. दर आठवड्याला लक्षावधी घरांत जाणाऱ्या निवेदकाने हे एका लहान प्रेक्षकवर्गाच्या चित्रपटात केले, आपल्या कार्यक्रमात केले नाही. आमच्यापर्यंत ‘मुंभाई’ फार उशिरा पोचले. तोवर जाफरी ‘पोगो’ वाहिनीवर ‘ताकेशीज कॅसल’ या जपानी कार्यक्रमाचे हिंदी समालोचन करू लागले होते, आणि चिखलात पडणाऱ्या जपानी माणसांना मनाला येतील ती नावे देणारा तो आवाज लहान मुलांच्या तोंडी बसला होता. तेही एक प्रकारचे एम्सीपणच म्हणायचे.

बोलीला निवेदक मिळाला तर काय होते, याचे उदाहरण शोधायला खान्देशाला ब्रॉन्क्सपर्यंत जायची गरज नाही. असोद्याच्या बहिणाबाई चौधरी यांची गाणी शेतात आणि जात्यावर होती. त्यांचे चिरंजीव सोपानदेव आणि मावसबंधू पितांबर चौधरी यांनी ती टिपून ठेवली. ३ डिसेंबर १९५१ रोजी बहिणाबाई निवर्तल्या. सोपानदेवांनी ती वही आचार्य अत्र्यांना दाखवली, अत्र्यांनी तिला बावनकशी सोन्याची उपमा दिली, आणि १९५२ मध्ये अत्र्यांच्या प्रस्तावनेसह ‘बहिणाबाईंची गाणी’ प्रसिद्ध झाली, हे आपण सारे वर्गात शिकवतो. शिकवताना आपण प्रस्तावनेला प्रस्तावना म्हणतो. तिला निवेदन म्हणून पाहावे. अत्र्यांएवढा मोठा आवाज ध्वनिक्षेपकापुढे उभा राहिला आणि त्याने सांगितले की आता जे ऐकाल ते अशुद्ध नाही. त्या क्षणानंतर लेवा गणबोलीतल्या त्या ओळी कुणी दुरुस्त केल्या नाहीत. अत्रे त्या बोलीतले नव्हते, सोपानदेव होते. आतला माणूस आणि मोठा आवाज, दोन्ही लागले. आणि जिची ओळख करून दिली गेली ती ऐकायला नव्हती, हे त्या निवेदनाचे दुखरे टोक आहेच.

अहिराणीला असा आवाज मिळाला नाही. (लेवा गणबोली आणि अहिराणी एक नव्हेत, बाहेरचे लोक दोहोंना ‘खान्देशी’ म्हणून मोकळे होतात.) ग्रिअर्सनने भाषा सर्वेक्षणाच्या १९०७ च्या खंडात खान्देशीला भिली भाषांच्या रांगेत, बंजारीच्या शेजारी बसवले. २०११ च्या जनगणनेत खान्देशी आपली मातृभाषा सांगणारे अठरा लाखांहून अधिक लोक आहेत. डॉ. रमेश सूर्यवंशी यांनी कोश केला, डॉ. सुधीर देवरे यांनी ‘ढोल’ हे नियतकालिक चालवले. देशीवादाची मांडणी करणारे भालचंद्र नेमाडे तर जळगाव जिल्ह्यातल्याच सांगवीचे. एवढे असून आमच्या महाविद्यालयांच्या मंचावर अहिराणी यायची ती नाटकातल्या गड्याच्या तोंडी, लोकांनी हसावे म्हणून.

आता तो अपराध. साल २००३. महाविद्यालयाचे नाव सांगण्याचे कारण नाही. गॅदरिंगचे कार्यक्रम निवडणाऱ्या तिघांत आम्ही होतो. धुळे तालुक्यातला एक मुलगा आला. काय करणार, असे विचारल्यावर म्हणाला, “सर, बोलतो.” गाणे नाही, नक्कल नाही, नुसते बोलणार. एका मित्राने बाकावर हाताने ठेका धरला आणि हा धुळे ते जळगाव एस.टी.चा कंडक्टर झाला. फागणे, मुकटी, पारोळा, एरंडोल, पाळधी: थांब्यागणिक कोण चढले, कोण उतरले, कुणाच्या पिशवीत काय, कुणाचा कापूस एकाधिकार केंद्रावर कितव्या दिवशी मोजला, कुणाची पोर सासरी चालली आणि का रडत नाही, हे सगळे अहिराणीत, यमके जुळवीत, श्वास न मोडता. चार-साडेचार मिनिटे. आम्ही हसलो, मग एका थांब्यावर हसायचे थांबलो. निवड मात्र केली नाही. भाषा जरा नीट करून आण, असे सांगितले. प्रमुख पाहुणे पुण्याचे येणार होते. त्याने भाषा नीट करून आणली नाही, किंवा ती नीट होण्यासारखी नव्हती. गॅदरिंगच्या रात्री ‘बूगी वूगी’च्या धर्तीवर बसवलेल्या एका समूहनृत्यात तो तिसऱ्या रांगेत नाचत होता. त्या नृत्याला पहिले बक्षीस आम्हीच दिले.

रॅप हा शब्द त्या दिवशी आमच्या मनातही आला नाही. आला असता तर सेहगल आठवले असते, आणि निकाल तोच लागला असता.

पुढचे सर्वांना माहीत आहे, म्हणून थोडक्यात. मुंबईत नेझीचे ‘आफत’ २०१४ मध्ये आले, डिव्हाइन आणि नेझी यांचे ‘मेरे गली में’ २०१५ मध्ये, आणि त्यांच्यापासून स्फूर्ती घेतलेला ‘गली बॉय’ २०१९ मध्ये. त्याच वर्षी एमटीव्हीने ‘हसल’ ही रॅपची स्पर्धा सुरू केली. स्वदेशी या गटातल्या एम्सी मवालीने प्रकाश भोईर यांच्यासह आरेतल्या वारली पाड्यांचा आवाज तालात आणला, तोही २०१९ मध्येच. पुण्याचा एम्सी स्टॅन २०२३ मध्ये ‘बिग बॉस’ जिंकला. जळगाव जिल्ह्यातल्या, बंजारा समाजातून आलेल्या संजू राठोडचे ‘गुलाबी साडी’ २०२४ मध्ये देशाबाहेरही वाजले. आमच्या मते ते हिपहॉप नव्हे, ठेक्याचे भान हिपहॉपकडून घेतलेले गोड गाणे आहे; पण जळगावच्या मुलाचे मराठी गाणे मराठी न कळणारे लोक गुणगुणतात, हे १९९६ साली कुणी सांगितले असते तर आम्ही विश्वास ठेवला नसता. ‘हाई झुमकावाली पोर’सारख्या अहिराणी गाण्यांनी तर लग्नाच्या वरातींतून हिंदीला मागे सारले. विनोदाचा जुना दरवाजाही चालू आहे. मालेगावच्या छोटूदादांच्या चित्रफिती त्यातून कोट्यवधींपर्यंत जातात.

हे सारे कुणा निवेदकाच्या ओळखीवाचून झाले. आमच्यासारख्यांची निवड समिती वळसा घालून टाळता आली, याचा आनंद आम्हांला मनापासून आहे. पण एक गोष्ट खटकते. ही गाणी यंत्र पुढे करते, आणि यंत्र ओळख करून देत नाही. फ्रेडी गल्लीत जाऊन विचारत, अत्रे प्रस्तावना लिहीत, जाफरी निदान नाव-गाव विचारीत. आज अहिराणीत तालात बोलणारा मुलगा ऐकणाऱ्याला त्याचे गाव कळत नाही, ही लय त्याने कुठून उचलली ते कळत नाही. गाणे अंगठ्याखालून निघून जाते. आमचे विद्यार्थी ही गाणी ऐकतात आणि आमच्याच वर्गात बोलीवर प्रबंध लिहितात, आणि दोहोंचा संबंध त्यांना लावून देणारे कुणी नाही. ते काम आमचे होते.

मागच्या वर्षी धुळ्याहून जळगावला जाताना आम्ही ते थांबे मोजीत बसलो. महामार्ग आता चौपदरी आहे आणि विनाथांबा गाडी फागण्याला, मुकटीला आत वळत नाही. कंडक्टर तिकिटे फाडून पुढच्या बाकावर डोळे मिटून बसला होता. पारोळ्यापर्यंतचे त्या मुलाचे बोलणे आम्हांला जवळजवळ सगळे आठवले. एरंडोलनंतर, पिंपळकोठ्याच्या आसपास, ती न रडणारी पोर उतरते. ती का रडत नाही याचे त्याने एक कारण सांगितले होते, दोन यमकांत. आम्ही तिघेही तिथेच हसायचे थांबलो होतो. ते कारण आम्ही लिहून घेतले नाही, आणि आता आमच्यापैकी कुणालाच आठवत नाही.